ड्रीमकास्टवर जुनी होमब्रू डिस्क लायसन्स स्क्रीनपुढे सरकत नाही तेव्हा

ड्रीमकास्ट हा सेगाचा गेम कन्सोल, आणि होमब्रू म्हणजे त्यासाठी हौशी लोकांनी स्वतःहून लिहिलेले प्रोग्रॅम. लक्षण असे असते. २०००-२००४ च्या सुमाराचा, फारसा कुणाच्या कानावरही न गेलेला एखादा होमब्रू प्रोग्रॅम संग्रहातून उतरवून घ्यायचा. कधी तो व्हीएमयू या कन्सोलच्या मेमरी कार्डावरच्या फाइल्स हाताळणारा असतो, कधी ट्रॅकर संगीत वाजवणारा, कधी एखाद्या विस्मृतीत गेलेल्या संगणकाची नक्कल करणारा एम्युलेटर. सीडी-आरवर बर्न करून कन्सोलमध्ये घातला की भोवऱ्याचा लोगो येतो, सेगाची लायसन्स स्क्रीनही येते, आणि पुढे काहीच नाही. एकतर पडदा काळा राहतो किंवा कन्सोल रीसेट होऊन मेनूवर परततो. दुसरी डिस्क घेतली तरी तेच, वेग कमी केला तरी तेच.

या प्रश्नाला बहुतेक वेळा एकच साचेबंद उत्तर मिळते: चांगली डिस्क वापरा, सावकाश बर्न करा. लायसन्स स्क्रीन दिसत असेल तर हा सल्ला मला चुकीच्या दिशेचा वाटतो. डिस्कचा संशय तिथे सगळ्यात शेवटी यावा. आधी फाइल तपासायची, आणि ती तपासायला एकही डिस्क खर्ची पडत नाही.

का, ते सांगतो. लायसन्स स्क्रीन कन्सोल स्वतःहून दाखवत नाही. ती काढणारा कोड तुमच्याच डिस्कवर, आयपी डॉट बिन या फाइलमध्ये असतो. ही फाइल बरोबर ३२ किलोबाइटची, म्हणजे २०४८ बाइटचे १६ सेक्टर, आणि ती डिस्कच्या शेवटच्या सेशनमधल्या (एका वेळी बर्न करून बंद केलेल्या भागातल्या) डेटा ट्रॅकच्या अगदी सुरुवातीला बसते. स्क्रीन दिसली याचा अर्थ लेझरला डिस्क वाचता आली, सेशनची रचना कन्सोलला कळली आणि आयपी डॉट बिन शाबूत आहे. यापुढची पायरी बूट फाइलची, म्हणजे वनएसटी-रीड डॉट बिनची. घोडे बहुतेक वेळा तिथेच अडते.

स्क्रीन दिसतच नसेल आणि कन्सोल सरळ ऑडिओ सीडीच्या मेनूवर जात असेल, तर शोधाची वाट वेगळी. तेव्हा खात्रीने चालणारी दुसरी एखादी होमब्रू सीडी-आर त्याच कन्सोलमध्ये घालून बघा. तीही चालली नाही तर दोष प्रोग्रॅमचा नाही. सीडी-आरवरून बूट होते ते मिल-सीडी या सेगाच्या संगीत-डिस्कच्या सोयीमुळे, आणि शेवटच्या काळात बनलेल्या काही कन्सोलमधून सेगाने ही सोय काढून टाकली होती. ड्रीमकास्ट जपानमध्ये २७ नोव्हेंबर १९९८ ला आला आणि ३१ जानेवारी २००१ ला उत्पादन थांबवण्याची घोषणा झाली. २००० च्या अखेरीनंतर बनलेला कन्सोल असेल तर ही शक्यता आधी पडताळा. अशा कन्सोलवर सीडी-आरशी झुंजत बसण्यात अर्थ नाही. ऑप्टिकल ड्राइव्हच्या जागी बसणारा एम्युलेटर (खऱ्या डिस्कऐवजी तिची फाइलरूप प्रत, म्हणजे इमेज, वाचणारे उपकरण) आणि जीडीआय प्रकारची इमेज हा त्यावरचा सरळ मार्ग.

स्क्रॅम्बल: बहुतेक वेळा दुखणे हेच

ड्रीमकास्टच्या मूळ खेळांच्या डिस्क जीडी-रॉम प्रकारच्या. त्यांच्यावरची बूट फाइल कन्सोल जशीच्या तशी मेमरीत चढवतो. मिल-सीडीच्या वाटेने येणाऱ्या डिस्कला मात्र सेगाने एक कुलूप घातले होते. बूट फाइल मेमरीत चढवताना बायोस, म्हणजे कन्सोलमध्येच कायमचा असलेला सुरुवातीचा प्रोग्रॅम, तिच्या तुकड्यांचा क्रम उलटापालटा करतो. म्हणजे साधा, धडधाकट प्रोग्रॅम सीडीवर ठेवला तर मेमरीत त्याचा चुराडा होऊनच पोचतो. यावरचा तोडगा हाच की प्रोग्रॅम आधीच उलट क्रमाने विस्कटून ठेवायचा, म्हणजे बायोसने विस्कटल्यावर तो सरळ होतो. या आधीच्या विस्कटण्याला स्क्रॅम्बल करणे म्हणतात. मार्कस कोमस्टेड यांनी यासाठी लिहिलेला छोटासा सी प्रोग्रॅम आजही बहुतेक साधनांच्या पोटात आहे.

त्याची रीत समजून घेतली तर दोष शोधणे फार सोपे होते. फाइल २ मेगाबाइटच्या मोठ्या खंडांत विभागली जाते. प्रत्येक खंडात ३२-३२ बाइटचे तुकडे पडतात आणि पत्त्यांचा कॅट पिसावा तसे ते तुकडे पिसले जातात. पिसण्याचा क्रम ठरवणाऱ्या आकड्यांच्या मालिकेची सुरुवात होते फाइलच्या आकारातल्या खालच्या १६ बिटांपासून. उरलेल्या भागासाठी खंडाचा आकार निम्म्या-निम्म्याने कमी होत जातो आणि अगदी शेवटी ३२ पेक्षा कमी बाइट उरले तर ते जागचे हलत नाहीत.

यातून तीन गोष्टी निघतात. फाइलचा आकार स्क्रॅम्बलच्या आधी आणि नंतर सारखाच राहतो, त्यामुळे आकार बघून ती कुठल्या अवस्थेत आहे हे कळत नाही. स्क्रॅम्बल झाल्यावर आकार एका बाइटने जरी बदलला, तरी बायोस वेगळ्याच क्रमाने पिसतो आणि सगळे मुसळ केरात. आणि दोनदा स्क्रॅम्बल केले म्हणजे फाइल पूर्ववत होते असे नाही. ती आणखी विस्कटते. सरळ करायला त्याच साधनाचा उलटा पर्याय वापरावा लागतो.

मग हातातली फाइल नक्की कुठल्या अवस्थेत आहे हे ओळखायचे कसे? फाइलमधला एकेक बाइट दाखवणाऱ्या हेक्स एडिटरमध्ये ती उघडा. एका ओळीत १६ बाइट दिसतील अशी मांडणी ठेवा, म्हणजे दोन ओळी मिळून बरोबर एक तुकडा होतो. आता उजव्या बाजूच्या अक्षरांच्या रकान्यात प्रोग्रॅमचे इंग्रजी संदेश शोधा. बहुतेक प्रोग्रॅममध्ये फाइल सापडली नाही, मेमरी पुरली नाही अशी वाक्ये असतातच. त्यातले एक लांबलचक वाक्य निवडा, ३२ अक्षरांपेक्षा मोठे. ते दोन ओळी ओलांडून तिसऱ्या ओळीत सलग वाचता येत असेल तर फाइल स्क्रॅम्बल झालेली नाही. वाक्य दुसऱ्या ओळीच्या शेवटच्या रकान्यात मधेच तुटत असेल आणि तिसऱ्या ओळीत भलतेच काहीतरी सुरू होत असेल, तर ती स्क्रॅम्बल झालेली आहे. असे दोन-तीन ठिकाणी बघा, प्रत्येक वेळी तूट दोन ओळींच्या सीमेवरच पडलेली दिसेल. कॅलिस्टीओएस (बहुतेक होमब्रू ज्यावर लिहिले जाते ती लायब्ररी) हिचे नाव किंवा आवृत्तीचा क्रमांक यांसारख्या छोट्या मजकुरावर विसंबू नका. तो एका तुकड्यात मावतो, त्यामुळे दोन्ही अवस्थांत धडधडीत वाचता येतो.

दोनदा स्क्रॅम्बल झालेली फाइल या परीक्षेत एकदा झालेल्या फाइलसारखीच दिसते, हे ध्यानात ठेवा. उलटा पर्याय एकदा चालवून पुन्हा तीच वाक्ये बघायची. सलग झाली तर फाइल मुळात एकदाच स्क्रॅम्बल झालेली होती. नाही झाली तर आणखी एकदा उलटवून बघा. दोन्ही वेळा वाक्ये तुटकीच राहिली तर बहुधा कुणीतरी स्क्रॅम्बलनंतर आकार बदललेला आहे. सेक्टर पूर्ण भरावा म्हणून शेवटी शून्ये जोडलेली असतात, किंवा फाइल कधीकाळी मजकूर समजून हलवली गेल्याने ओळ संपल्याच्या खुणा बदललेल्या असतात. शून्ये जोडलेली असतील तर ती काढून मूळ आकार मिळवता येतो. सोबतच्या रीडमीमध्ये किंवा फाइल्सच्या यादीत मूळ आकार नोंदलेला असेल तर काम झालेच. म्हणूनच उतरवलेल्या मूळ झिपला कधी हात लावू नका. सगळे प्रयोग तिच्या प्रतीवर करा.

बूट फाइलच्या जागी ईएलएफ फाइल (कंपायलरकडून निघणारी, प्रोग्रॅमसोबत जादा माहिती असलेली फाइल) नाव बदलून ठेवलेली असणे, हाही नेहमीचा घोळ. ओळखायला सोपी: पहिला बाइट वाचता न येणारा आणि त्याला लागून ई, एल, एफ ही तीन इंग्रजी अक्षरे. कन्सोलला ईएलएफ कळत नाही, त्याला निव्वळ बायनरी हवी. ड्रीमकास्टच्या टूलचेनमधल्या (प्रोग्रॅम बनवण्याच्या साधनसंचातल्या) ऑब्जकॉपीने स्टॅकचा विभाग वगळून ईएलएफची बायनरी बनवायची आणि मग स्क्रॅम्बल करायचे. ईएलएफ हाताशी असेल तर मी सरळ एमके-डीसी-डिस्क हे नवे साधन सुचवीन. ते ईएलएफ घेते आणि बायनरी, स्क्रॅम्बल, आयपी डॉट बिन सगळे स्वतः करून सीडी-आरवर बर्न करण्याजोगी सीडीआय प्रकारची इमेज हातात देते. मात्र जुन्या प्रोग्रॅमसोबत ईएलएफ मिळणे हे नशीबच. बहुतेकदा नुसती बिन फाइल उरलेली असते आणि लिहिणाऱ्याचे संकेतस्थळ केव्हाच बंद झालेले असते.

उलट दिशेनेही हाच दोष होतो, आणि हल्ली तोच जास्त दिसतो. जीडीईएमयूसारखा ड्राइव्ह एम्युलेटर असलेले लोक सीडीआयमधून फाइल्स काढून त्यांची जीडीआय बनवतात. जीडीआयमध्ये मुख्य डेटा ४५००० व्या सेक्टरपासून सुरू होतो आणि कन्सोल तिला जीडी-रॉम मानतो, म्हणजे बायोस काहीही उलटापालट करत नाही. तिथे स्क्रॅम्बल केलेली फाइल ठेवली तर ती तशीच विस्कटलेली मेमरीत जाते. सीडी-आर आणि सीडीआयसाठी स्क्रॅम्बल केलेली, जीडीआयसाठी सरळ. एका डिस्कवर अनेक प्रोग्रॅम ठेवून मेनूतून निवडायची सोय असेल तर मेनूची स्वतःची बूट फाइल तेवढी स्क्रॅम्बल हवी. मेनूतून उघडले जाणारे प्रोग्रॅम मेनूच मेमरीत चढवतो, तिथे बायोसचा संबंध येत नाही, त्यामुळे ते बहुतेक मेनूंना सरळच लागतात.

संगणकावरच्या एम्युलेटरमध्ये चालते आणि कन्सोलवर चालत नाही, ही तक्रारही बरेचदा इथेच येऊन थांबते. फ्लायकास्टसारखा एम्युलेटर ईएलएफ थेट उघडतो. तिथे ना डिस्क, ना सेशन, ना स्क्रॅम्बल. तो प्रोग्रॅम धड असल्याचा पुरावा आहे, डिस्क धड असल्याचा नाही.

डिस्क न जाळता खात्री

कोडर्स केबल (कन्सोलला संगणकाशी जोडणारी सीरियल केबल) किंवा ब्रॉडबँड अॅडॉप्टर (कन्सोलचे नेटवर्क उपकरण) असेल तर निम्मी शंका तासाभरात मिटते. कन्सोलवर डीसीलोड चालू करायचे आणि संगणकावरून डीसी-टूलने प्रोग्रॅम पाठवायचा. डीसी-टूलला ईएलएफही चालते आणि सरळ बिनही. बिन पाठवताना ती स्क्रॅम्बल केलेली नसावी, कारण इथेही बायोस मध्ये नसतो. प्रोग्रॅम असा चालला आणि डिस्कवरून चालला नाही, तर दोष स्क्रॅम्बल किंवा डिस्कच्या मांडणीत आहे हे पक्के झाले. शिवाय प्रोग्रॅम जे काही छापतो ते संगणकाच्या पडद्यावर दिसते. कन्सोलवर नुसता काळा पडदा असताना कुठली फाइल उघडताना तो मेला, हे त्या ओळींवरून कळते. ब्रॉडबँड अॅडॉप्टर दुर्मीळ आहे, पण सीरियलची केबल या कामाला पुरते. वेग कमी असला तरी होमब्रू प्रोग्रॅम फार मोठे नसतात.

बूट फाइल ठीक आहे, तरीही अडते

मग डिस्कच्या मांडणीकडे वळायचे. ऑडिओ आणि डेटा अशा दोन सेशनच्या डिस्कमध्ये पहिल्या सेशनला ३०२ सेक्टरचा छोटा ऑडिओ ट्रॅक ठेवण्याची रीत आहे. पहिला सेशन बंद होऊन दुसरा उघडण्यात ११४०० सेक्टर जातात, म्हणून दुसऱ्या सेशनचा डेटा ११७०२ वर सुरू होतो. आयएसओ (डेटा ट्रॅकमध्ये जाणारी, सगळ्या फाइल्सची मिळून एक फाइल) बनवणाऱ्या साधनाला हाच आकडा द्यावा लागतो, कारण आयएसओच्या आतले फाइल्सचे पत्ते पूर्ण डिस्कच्या हिशेबाने लिहिलेले असतात. ऑडिओ ट्रॅक लांब ठेवलात आणि आकडा जुनाच दिलात, तर आयपी डॉट बिन ट्रॅकच्या तोंडाशीच असल्याने सापडते, पण बाकी सगळ्या फाइल्सचे पत्ते चुकलेले असतात. सुरुवातीचा आकडा पाठ म्हणून टाकू नका. पहिला सेशन बर्न झाल्यावर बर्निंग साधनाला पुढची जागा विचारा आणि ते सांगेल तोच आकडा वापरा.

आयपी डॉट बिनही हेक्स एडिटरमध्ये उघडून बघण्यासारखी आहे. १६ बाइटची ओळ धरली तर पहिल्याच ओळीत सेगा सेगाकटाना असे दिसेल. कटाना हे कन्सोल तयार होत असतानाचे सांकेतिक नाव, ते प्रत्येक डिस्कवर कायमचे राहून गेले. चौथ्या ओळीच्या सुरुवातीला जे, यू, ई ही प्रदेशांची तीन अक्षरे असतात: जपान, अमेरिका, युरोप. तुमच्या कन्सोलच्या प्रदेशाचे अक्षर तिथे हवेच. एखाद्या जुन्या पॅकेजमध्ये फक्त जे असेल तर जपानबाहेरचा कन्सोल ती डिस्क घेणार नाही. नुसते अक्षर लिहून भागत नाही. फाइलमध्ये पुढे प्रदेशांची नावे पूर्ण लिहिलेली जागा असते, तीही जुळावी लागते. म्हणून हाताने डागडुजी करण्यापेक्षा तिन्ही प्रदेशांची तयार आयपी डॉट बिन घालणे बरे. सातव्या ओळीत बूट फाइलचे नाव असते. डिस्कवरच्या फाइलचे नाव त्याच्याशी हुबेहूब जुळले पाहिजे. काही लेखकांनी इथे स्वतःचे वेगळे नाव दिलेले आहे, आणि फाइल वनएसटी-रीड म्हणून ठेवली तर ती सापडतच नाही.

लायसन्स स्क्रीन ओलांडून प्रोग्रॅम स्वतःचा पडदा दाखवतो आणि मग अडतो, तर स्क्रॅम्बल आणि मांडणी दोन्ही सुटली. आता बघायचे त्याच्या सोबतच्या फाइल्सकडे. जुने प्रोग्रॅम ठरावीक फोल्डरमध्ये ठरावीक नावाची फाइल शोधतात आणि ती मिळाली नाही तर निमूटपणे लटकतात. आयएसओ बनवताना लांब नावांची परवानगी, जोलिएट आणि रॉक रिज हे तिन्ही पर्याय चालू ठेवा, नाहीतर लांब नावे कापली जातात. एखादा प्रोग्रॅम व्हीएमयूवर सेटिंग्ज लिहायला जातो आणि जागा नसली की अडकतो. व्हीएमयूवर वापरायला २०० ब्लॉक असतात, प्रत्येकी ५१२ बाइटचा. एकदा व्हीएमयू काढून आणि एकदा रिकामा लावून चालवून बघा.

आवाज येतो पण चित्र नाही, असे असेल तर व्हीजीए केबल काढून साधी केबल लावा. कॅलिस्टीओएसवर नीट लिहिलेले प्रोग्रॅम केबल ओळखून पडद्याची रीत ठरवतात. थेट हार्डवेअरशी बोलणारे अगदी सुरुवातीचे प्रोग्रॅम बरेचदा टीव्हीच गृहीत धरतात. आयपी डॉट बिनच्या चौथ्या ओळीच्या उत्तरार्धात हार्डवेअरच्या माहितीचा एक आकडा असतो, ई०००एफ१० अशा धर्तीचा. त्यातला शेवटून दुसरा १ हा व्हीजीए चालते असे सांगणारा. तो नसेल तर व्हीजीए लावलेला कन्सोल प्रोग्रॅमला पुढे जाऊच देत नाही.

प्रोग्रॅम चालतो, आणि मग कधीही, कुठेही कन्सोल मेनूवर परततो, हे दुखणे सॉफ्टवेअरचे नसते. सॉफ्टवेअरचा दोष त्याच जागी, त्याच कृतीवर पुन्हा पुन्हा दिसतो. कुठलीही डिस्क घातली तरी, कन्सोल तापल्यावर किंवा जरा हलल्यावर रीसेट होत असेल, तर पॉवर सप्लायची पाटी मदरबोर्डवरच्या ज्या पिनांवर बसते त्यांच्यावर थर जमलेला असतो. आयसोप्रोपिल अल्कोहोलने पिना पुसल्या की बहुतेक कन्सोल ताळ्यावर येतात. फक्त एक कळकळीची सूचना: त्या पाटीवर घरच्या विजेचा दाब येतो आणि तिला आवरण नसते. प्लग काढा, कपॅसिटर रिकामे व्हायला पुरेसा वेळ द्या, आणि हाताची सवय नसेल तर हे काम जाणकाराकडून करून घ्या.

इतके करूनही प्रोग्रॅम उठत नसेल तर मदत मागताना चार गोष्टी लिहा: शेवटी कुठला पडदा दिसला, बूट फाइलचा आकार बाइटमध्ये किती, लांब वाक्य ३२ बाइटच्या सीमेवर तुटते की सलग आहे, आणि इमेज कुठल्या साधनाने बनवली. एवढ्यावर जाणकार माणूस दोष नेमका दाखवू शकतो. आणि प्रोग्रॅम चालला, तर ज्या संग्रहातून तो घेतला तिथे तुमची टीप जरूर जोडा: फाइल सरळ आहे की स्क्रॅम्बल केलेली, मूळ आकार किती, सोबत कुठल्या फाइल्स लागतात. खराब असा शेरा मारून बाजूला टाकलेले कितीतरी छोटे प्रोग्रॅम धडधाकट आहेत. त्यांना एवढीच नोंद हवी आहे.